तात्याच्या आवाजातला फोन

नोकरीतली बरीच प्रकरणं आता एकमेकांत मिसळून गेली आहेत. कुठला आरोपी कुठल्या गुन्ह्यातला, हेही कधी कधी चटकन आठवत नाही. पण हे प्रकरण विसरायचं म्हटलं तरी विसरता येत नाही. खटला न्यायालयात सुरू आहे, म्हणून नाव कुणाचंच घेणार नाही. नवरा नकलाकार होता आणि बायको गायिका, एवढ्यावर भागेल.

माझ्या निवृत्तीला थोडे महिने उरले होते आणि सीमेवर लढाई जुंपली होती. आमचं शहर सीमेपासून लांब, पण इथं मोठी छावणी आहे. भोंग्यांचे सराव सुरू झाले, ठाण्यातल्या सगळ्यांच्या रजा रद्द झाल्या. सकाळच्या हजेरीला मी रोज एकच गोष्ट सांगायचो: फोन कितीही फालतू वाटला तरी नोंद करा, हसू नका. लढाईच्या दिवसांत लोकांना शेजारीसुद्धा हेर वाटायला लागतो. एका सासऱ्यानं तर जावयाविरुद्ध तक्रार आणली, की हा गच्चीवर जाऊन बारीक आवाजात बोलतो. चौकशीत निघालं, की जावई सासऱ्याच्या घोरण्याला कंटाळून गच्चीवर झोपायचा आणि तिथून आईला फोन करायचा. अशा अर्जांचा ढीग पडला होता.

त्याच सुमारास उपायुक्तांनी मला बोलावून घेतलं. त्यांच्या समोर साध्या कपड्यांत लष्कराचे एक अधिकारी बसले होते. ते मोजकंच बोलले. छावणीतलं काही सामान रेल्वेच्या मालधक्क्यावरून रवाना झालं होतं. कोणत्या वाघिणीत, म्हणजे मालडब्यात, काय चढवलं, ही माहिती पलीकडे पोचल्याचं त्यांना कळलं होतं. कसं कळलं ते त्यांनी सांगितलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही.

"गळती इथूनच झाली आहे," ते म्हणाले, "आणि आणखी एक गाडी जायची आहे."

ते गेल्यावर उपायुक्त मला म्हणाले, "ही गोष्ट आपल्या दोघांत. ठाण्यातसुद्धा बोलायची नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी नियंत्रण कक्षात एक फोन आला. बोलणारा म्हातारा होता, खेड्यातला वाटत होता. त्याचं ध्वनिमुद्रण माझ्याकडे आलं. ते मी इतक्या वेळा ऐकलं, की पाठ झालं.

"साहेब व्हय? माझं नावगाव इचारू नका. छावणीत गाणं म्हणाया जाती ना ती बाई, टीव्हीवर दिसती ती, तिचा फोन तपासा. मालधक्क्यावरनं गाडी गेली, त्यात काय काय भरलं त्ये समदं तिकडं कळलं न्हवं? कुणी कळवलं? हिनंच कळवलं. मी आपलं देशासाठी सांगू लागलो. न्हवं?"

एवढं बोलून फोन ठेवला. नंबर तपासला तर शहागंजातल्या एका दुकानातला निघाला. तिथल्या माणसानं कुणा गिऱ्हाइकाला सहज फोन वापरायला दिला होता. गर्दीचा वेळ होता, चेहरा त्याला आठवत नव्हता.

ज्या गोष्टीचा ठाण्यात उच्चारही झाला नव्हता, ती हा म्हातारा बोलत होता. साहजिकच मी फोन खरा धरला.

त्या बाईंना मी ओळखत होतो. शहरात त्यांना कोण ओळखत नव्हतं? देवगाव रंगारीकडच्या शेतकरी घरातल्या. आवाज उघडा, मोकळा, माईक नसला तरी शेवटच्या रांगेपर्यंत जाणारा. कन्नड गावच्या एका नकलाकाराशी लग्न झालं आणि दोघांनी मिळून कार्यक्रम सुरू केला. सुरुवातीला जाहिरातीत नाव त्याचं मोठं असे आणि खाली बारीक अक्षरात "सोबत गायिका". लोक तिच्या गाण्यासाठी यायला लागले तशी अक्षरं उलटी झाली. आमच्या पोलिसांच्या कार्यक्रमात मी ते पाहिलं होतं. ती गात होती तोवर लोक खिळून बसले होते. ती साडी बदलायला आत गेली आणि तो नकला करायला आला, तेव्हा अर्धे लोक चहाला उठले. तो तरीही मन लावून नकला करत होता. माझ्या शेजारचा सहकारी म्हणाला, "काय गुणी माणूस आहे. पण बिचाऱ्याचं नशीब बायकोला लागलं."

बाईमाणसाची चौकशी तिच्या घरी करावी लागते, म्हणून महिला उपनिरीक्षकांना घेऊन मी गारखेड्याला तिच्या घरी गेलो. नवरा तालमीला गेला होता. तिनं फोन स्वतःहून समोर ठेवला. परदेशातले नंबर होते, पण ते तिथल्या मराठी मंडळांचे होते आणि प्रत्येकाचा ती खुलासा देत गेली. छावणीत कधी गेली, कुणाच्या घरी हळदीकुंकवाला गायली, सगळं सांगितलं. रंगमंचावर ती प्रमाण बोलायची, पण घरात गावाकडची बोली सुटली.

"साहेब, तिथल्या बायका मला बहिणीवाणी बोलवत्यात. त्यांचे नवरे आज तिकडं सीमेवर हायेत. मी त्यांचं वाईट कसं करीन? मला सांगा तर खरं, माझं नाव घेतलं कुणी?"

मी नियमाबाहेर जाऊन तिला तो फोन ऐकवला. आवाज ओळखीचा निघाला तर गावाकडचं एखादं वैर हाती लागेल, एवढाच माझा हिशेब होता.

तिनं ऐकलं. "परत लावा," म्हणाली. दुसऱ्यांदा शेवटचं "न्हवं?" आलं आणि तिचा चेहरा उतरला. मी अनेकांना खोटं बोलताना पाहिलंय. खोटं बोलणारा घाई करतो. तिनं घाई केली नाही. ती पदर नीट करत राहिली आणि मग म्हणाली, "मला नाय माहीत कोण आहे ते."

आम्ही उठलो. महिला उपनिरीक्षकांनी दाराची कडी काढली, तेवढ्यात ती मागून म्हणाली, "थांबा, साहेब."

आम्ही थांबलो.

"हा तात्या आहे."

"कोण तात्या?"

"माझ्या नवऱ्याचा तात्या. त्याच्या खेळातला म्हातारा. आमच्या पहिल्या कार्यक्रमापासनं करतो तो. तो असं 'न्हवं?' म्हणला की पब्लिक टाळ्या वाजवतं. पूर्वी वाजवायचं." तिथंच भिंतीला टेकून ती खाली बसली. "त्याला माझं बघवत नाय, साहेब, हे मला ठाऊक हाय. माझं नाव पुकारलं की तो पाणी प्यायला जातो. कुणी माझा सत्कार केला की दोन दिवस जेवत नाय. मी मोठी जाहिरात नको म्हणून सांगून बघितलं, तर म्हणला, भीक घालू नको. पण असं करील, हे नव्हतं वाटलं. घरातलं भांडण हाय हे. त्याला मारू नका. मी मिटवून घेते."

जिना उतरताना महिला उपनिरीक्षक वैतागल्या होत्या. "सर, बायको पुढं गेली म्हणून तिला देशद्रोही ठरवायचं? खोटी माहिती दिल्याचा गुन्हा लावू या त्याच्यावर."

मी पायरीवरच थांबलो. खोटी माहिती? त्यातली मालधक्क्याची गोष्ट तर खरी होती. ती उपायुक्तांना माहीत होती, मला माहीत होती आणि लष्कराला. बायकोवर जळणाऱ्या नकलाकाराला ती कुठून कळली? आदल्या दिवशी मी असा विचार करायला हवा होता, पण बातमी आपल्याला हवी तशी मिळाली की ती देणाऱ्याकडे कोण बघतं? माहिती पलीकडे पोचली हे एक तर पकडणाऱ्याला माहीत असतं, नाही तर पोचवणाऱ्याला.

औरंगपुऱ्यातल्या तालमीच्या खोलीतून आम्ही त्याला ठाण्यात आणलं. मुद्दाम गाजावाजा केला नाही. सडपातळ माणूस, केसांना कलप, अंगात कडक इस्त्रीचा झब्बा. आल्याआल्या त्यानं ठाणे अंमलदाराचा आवाज काढून दाखवला. हवालदार हसले, मागच्या खोलीतले दोघं बघायला आले. त्यानं लगेच मोटारसायकलचा आवाज काढला, रेल्वेची सूचना काढली. चौकशीला आणलेला माणूस ठाण्यात मैफल भरवत होता.

मी त्याला माझ्या खोलीत घेतलं. पहिला तासभर त्यानं मला एकही उत्तर स्वतःच्या आवाजात दिलं नाही. प्रश्न विचारला की कधी तात्या बोलायचा, कधी मास्तर, कधी एखादी चहाटळ बाई. तात्याचा फोन ऐकवला तेव्हा हसून म्हणाला, "माझी नक्कल करणारे लई झालेत आता. तालुक्यातालुक्याला एक तात्या आहे."

अशा माणसाला दमदाटी करून उपयोग नसतो. ओरडणारा पोलीससुद्धा त्याला प्रेक्षकच वाटतो. मी खोलीतल्या सगळ्यांना बाहेर काढलं. दार लोटून घेतलं, खुर्चीत बसलो आणि त्याच्याकडे न बघता समोरच्या फायली वाचायला लागलो. तो बोलत राहिला, मी हं सुद्धा म्हटलं नाही. दुपारचं ऊन खिडकीतून टेबलावर आलं होतं. हळूहळू एकेक आवाज बंद पडत गेला. मग तो नुसताच बसला.

तेव्हा मी विचारलं, "बायकोवर राग होता हे समजलं. पण तो काही आजचा नाही. मग फोन कालच का केला? परवा काय झालं?"

तो झब्ब्याची घडी नीट करत राहिला.

"परवा काहीतरी झालंय. तिनं काही केलं?"

"तिनं नाही," तो म्हणाला. हा त्याचा आवाज मी पहिल्यांदा ऐकत होतो. अगदी साधा, जरा चिरका. रस्त्यात ऐकला तर लक्षातही राहणार नाही असा.

"मग कुणी?"

त्यानं मान खाली घातली. "तिनंसुद्धा हिलाच मागितलं, साहेब."

त्यानंतर त्याला थांबवावं लागलं नाही.

काही महिन्यांपूर्वी एका बाईनं त्याला संदेश पाठवला होता. परदेशातल्या कलामहोत्सवाची आयोजक असल्याचं तिनं सांगितलं. हिंदीत गोड बोलायची. त्याच्या जुन्या चित्रफिती तिनं शोधून शोधून पाहिल्या होत्या. कोणत्या नकलेत त्यानं श्वास कुठं घेतला, हेही तिला माहीत होतं. ती म्हणायची, खरा कलाकार तुम्ही आहात, बायकोनं तुमचा उजेड खाल्ला. हे वाक्य सांगताना त्याचे डोळे भरून आले. इतकी वर्षं जे त्याच्या मनात होतं, ते दुसऱ्या कुणी तरी मोठ्यानं म्हटलं होतं. तिनं त्याला कधी पैसे दिले नाहीत आणि त्यानंही मागितले नाहीत. ती रोज ऐकायची, एवढं त्याला पुरे होतं.

मग तिनं पैज लावली. छावणीतल्या कार्यक्रमांमुळं तिथल्या एका सुभेदारसाहेबांचा आवाज त्याला चांगला जमायचा. त्यांच्या आवाजात छावणीच्या उपाहारगृहात फोन करून समोसे मागवून दाखवा, असं ती म्हणाली. त्यानं मागवले. समोसे खरोखर सुभेदारांच्या दारात पोचले. ती फोनवर खळखळून हसली. मग ती म्हणाली, आता जरा अवघड काम करून दाखवा. मालधक्क्यावरच्या कचेरीत सुभेदारांचे फोन नेहमी यायचे, तिथल्या लिपिकाला त्यांचा आवाज पाठ होता. नकलाकारानं त्याच आवाजात फोन केला, दरडावून विचारलं, आणि लिपिकानं वाघिणीवार सगळं सांगून टाकलं. ते त्यानं तसंच त्या बाईला कळवलं.

"तेव्हा लढाई सुरू झाली होती," मी म्हणालो.

"व्हय."

"मग तुला कळलं नाही?"

"कळलं," तो म्हणाला, "फोन ठेवला तेव्हाच कळलं. पण साहेब, ती म्हणली, तुमच्यासारखा दुसरा नाही. असं मला कुणी म्हणलं नव्हतं. खोटं तरी कुणी म्हणलं होतं का?"

परवा त्या बाईनं पुढच्या गाडीची चौकशी केली. आणि त्याच बोलण्यात सहज म्हणून गेली, की तुमच्या पत्नी अधिकाऱ्यांच्या घरी जातात ना, किती सुंदर गातात त्या, त्यांच्याशी माझी ओळख करून द्या, त्यांनाही महोत्सवाला बोलावू. तिला छावणीतल्या घराघरांत जाणारं माणूस हवं होतं, हे उघड होतं. याला ते दिसलंच नाही. याला दिसलं एवढंच, की आपली म्हणून जी एक चाहती होती, तीही आता बायकोकडे निघाली.

"ती हेर आहे हे कळून तू फोन तोडला नाहीस," मी म्हणालो, "आणि बायकोचं नाव घेतलं तेव्हा तोडलास?"

"तोडला नाही. रुसलो होतो. ती परत विचारील, माझी समजूत काढील, असं वाटलं." त्यानं झब्ब्याच्या बाहीनं तोंड पुसलं. "हिला तुम्ही उचललं असतं, तर छावणीतलं जाणं बंद झालं असतं. मग त्या बाईला माझ्याशिवाय कुणी राहिलं नसतं."

"आणि मालधक्क्याचं कशाला बोललास फोनवर? तिथंच तर सापडलास."

यावर तो जरा सरळ बसला. धंद्यातली गोष्ट विचारल्यासारखा. "नुसतं बाईवर संशय आहे म्हणलो असतो तर तुम्ही कचऱ्यात टाकलं असतं. खरं वाटायला कुठंतरी खरं घालावं लागतं, साहेब. नक्कल तशीच जमते."

दुसऱ्या गाडीसाठीचा फोन त्यानं केलाच नव्हता. एका माणसाच्या रुसव्यामुळं ती गाडी वाचली.

पोलिसासमोरची कबुली न्यायालयात चालत नाही, म्हणून पुढची कामं रीतसर केली. फोन जप्त केला, पंचनामा झाला, कॉलच्या नोंदी मागवल्या. पंचांसमोर त्याच्या आवाजाचा नमुना घेताना त्याला सुभेदारांच्या आवाजात तीच वाक्यं बोलायला सांगितली. तो उठून उभा राहिला, छाती फुगवली, आणि त्या किरकोळ अंगातून असा भारदस्त आवाज आला की खोलीतला एक पंच दचकला. मालधक्क्यावरचा लिपिक बाहेर बसवला होता. पलीकडून आवाज ऐकताच तो रडायला लागला. "हेच साहेब बोलले होते," म्हणत राहिला.

वाक्यं संपली. नकलाकार घोटभर पाणी प्याला आणि त्यानं माझ्याकडे बघून विचारलं, "कसा झाला?"

मी पंचांच्या सह्या घ्यायला लागलो. पुढं तपास राज्याच्या पथकाकडे गेला. ती बाई कोण होती, बाई तरी होती का, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. पहिल्या गाडीचं पुढं काय झालं तेही आम्हाला कुणी सांगितलं नाही. तशी विचारणा करायची नसते.

गायिकेला मी स्वतः जाऊन सांगितलं. फोन कशासाठी केला होता तेही सांगितलं, कारण तो प्रश्न तिनं दारातच विचारला. ती म्हणाली, "म्हणजे माझ्यावरचा राग नव्हता तो. तिच्यासाठी होतं." एवढ्या सगळ्यात तिला आधी हे लागलं, याचं मला तेव्हा नवल वाटलं. आता वाटत नाही. आपल्यावर जळणारं माणूससुद्धा आपल्याकडेच बघत असतं. तीही नजर दुसरीकडं गेली तर माणसाला ते सोसत नाही.

तिचे कार्यक्रम बंद पडले. बातम्यांमध्ये 'हेर कलाकार दांपत्य' असं आलं होतं, त्यामुळं इमारतीतले लोक बोलेनासे झाले. सोयगावच्या एका महिला मंडळानं मला फोन करून विचारलं, "या बाईंना बोलवावं का? काही भानगड तर होणार नाही?" मी म्हणालो, "बिनधास्त बोलवा, मी पण येतो." गेलो. पहिलं गाणं होईपर्यंत टाळी पडली नाही. तिनं थांबून समोर बघितलं आणि काही खुलासा न करता दुसरं सुरू केलं. तिसऱ्या गाण्याला बायका सतरंजीवरून उठून पुढं सरकल्या. त्यानंतर तिला पुन्हा आमंत्रणं यायला लागली. नवऱ्याला वकीलही तिनंच दिला.

निवृत्तीनंतर मी साक्ष द्यायला न्यायालयात गेलो होतो. व्हरांड्यात बाकावर तो बसला होता, बाजूला पहाऱ्याचे शिपाई. केसांचा कलप उतरून गेला होता. मला बघून उठला, नमस्कार केला.

"बरा आहेस का?" मी विचारलं.

"बरा आहे. वकील चांगला आहे म्हणतात. पण तोही तिच्याच ओळखीचा." मग थोडं पुढं सरकून म्हणाला, "साहेब, ती टीव्हीवर होती म्हणे परवा?"

"होती."

"कशी गायली?"

"चांगली गायली."

तो फरशीकडं बघत राहिला. त्याला पश्चात्ताप होत असेल, असं मला वाटलं. मग मान वर करून तो हलक्या आवाजात म्हणाला, "माझ्या प्रकरणामुळंच बघत असतील लोकं. नाव शेवटी माझंच झालं ना?"

तेवढ्यात पुकारा झाला आणि मी आत गेलो.

हल्ली प्रशिक्षण केंद्रावर नव्या उपनिरीक्षकांशी बोलायला मला कधीमधी बोलावतात. आमच्या पिढीला शिकवलं होतं, की फितूर माणूस दिसला की आधी पैसा कुठून आला ते शोधा. मीही नोकरीभर तेच करत आलो. याच्याकडं पैसा शोधत बसलो असतो तर काहीच हाती लागलं नसतं. म्हणून मी पोरांना सांगतो, झडती घ्या, खाती तपासा, सगळं करा. पण समोरच्याला निवांत बसवून एकदा हेही विचारा, की बाबा, तुला कुणाचं बघवत नाही? याचं उत्तर माणूस सहसा देत नाही. पण ते नाव त्याच्या ओठावर येऊन थांबतं तेव्हा चेहरा बदलतो. तो बदल बघायला शिका. ज्यांना आपला माणूस फोडायचा असतो, ते हा बदल आपल्याआधी बघून ठेवतात.